सोलापूरच्या चार लिप्या आणि एक डीएलएल

"अमुकतमुक.डीएलएल सापडली नाही. प्रोग्रॅम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा." विंडोज वापरणाऱ्या प्रत्येकाने हा निरोप कधी ना कधी वाचलाय. बहुतेक जण ती फाईल गूगलवर शोधतात, कुठल्यातरी अनोळखी साईटवरून उतरवतात, सिस्टिम३२ मध्ये टाकतात आणि देवाचं नाव घेऊन मशिन रीस्टार्ट करतात. कधी चालतं, कधी चालत नाही. या शनिवारी मात्र मला या फाईलींच्या इतिहासातला एक असा तुकडा सांगायचाय जो आपल्या फार जवळचा आहे. मराठी अक्षरं विंडोजवर सरळ दिसायला लागली ती एका डीएलएलमुळे. आणि तिची गोष्ट सांगायला सोलापूरइतकं योग्य गाव दुसरं नाही. का, ते पुढे येईलच.

आधी डीएलएल म्हणजे काय ते उरकून घेऊ. आपल्याकडे समाजाची भांडी असतात बघा. पाचशे पानांचं जेवण घालायचं म्हणून कुणी घरी पाचशे ताटं आणि दोन मोठ्ठी पातेली घेऊन ठेवत नाही. समाजाच्या कार्यालयातून आणायची, लग्न उरकलं की घासूनपुसून परत. डीएलएल हे तसंच. खिडकी काढणं, मजकूर रंगवणं, फाईल उघडणं ही कामं प्रत्येक प्रोग्रॅमने स्वतः लिहिण्याऐवजी एका सामायिक फाईलीत ठेवायची आणि ज्याला लागेल त्याने चालता चालता मागून घ्यायची. नोव्हेंबर १९८५ मध्ये विंडोज १.० आलं तेव्हा त्याची मागणी होती २५६ केबी मेमरी. आज मोबाईलने काढलेला एक फोटो याच्या दहापट असतो! एवढ्या जागेत प्रत्येक प्रोग्रॅमने आपापली भांडी बाळगणं शक्यच नव्हतं. कर्नल, यूझर आणि जीडीआय हे विंडोजचे तीन मूळ भाग तेव्हापासून अशाच सामायिक लायब्ररी होते (गंमत म्हणजे त्या काळी त्यांच्या नावापुढे .ईएक्सई होतं).

गोची एकच होती. प्रोग्रॅम डीएलएल मागायचा ती फक्त नावाने. "एमएफसी४२ दे." कुठली आवृत्ती, कुणी आणून ठेवलेली, याची चौकशी नाही. नव्वदच्या दशकात प्रत्येक सॉफ्टवेअरची सीडी आपल्यासोबत दहा-वीस डीएलएल आणायची आणि थेट विंडोजच्या सिस्टिम फोल्डरमध्ये ओतायची. नीट लिहिलेला इन्स्टॉलर आधी आवृत्ती तपासायचा. आळशी इन्स्टॉलर नव्या फाईलवर जुनी फाईल बिनदिक्कत चढवायचा. मग काल चालणारा हिशोबाचा प्रोग्रॅम आज बंद, आणि कारण काय तर पोराने घातलेला गेम. याला जगभर "डीएलएल हेल" म्हणजे डीएलएलचा नरक असं नाव पडलं. अतिशयोक्ती नाही ती.

आता सोलापूर. या गावात मराठी आहे हे सांगायला नको. तेलंगणातून आलेल्या पद्मशाली विणकरांची तेलुगू आहे, अक्कलकोट आणि दक्षिण सोलापूरकडून येणारी कन्नड आहे, आणि उर्दू आहे. महापालिकेच्या शाळा या चारही माध्यमांच्या. म्हणजे देवनागरी, तेलुगू, कन्नड आणि उजवीकडून डावीकडे जाणारी उर्दू अशा चार लिप्या एका रिक्षाच्या अंतरावर. या चारही लिप्यांत एक गोष्ट समान आहे. अक्षरं नुसती एकापुढे एक मांडून चालत नाही.

इंग्रजीत ए नंतर बी ठेवला की काम झालं. "सिद्धेश्वर" लिहायचं तर? कॉम्प्युटरच्या पोटात क्रम आहे स, मग वेलांटी. पडद्यावर मात्र वेलांटी स च्या आधी दिसायला हवी. पुढे द, हलन्त, ध यांचं मिळून "द्ध" व्हायला हवं, श आणि व यांचं "श्व". हे जुळवणारं कुणी नसेल तर वेलांटी घसरून पुढच्या द च्या डोक्यावर बसते आणि पाय मोडलेली अक्षरं सुटी सुटी पसरतात. ग्रामदैवताचं नाव असं दिसायचं. गावाचं नाव मात्र शाबूत! "सोलापूर" या शब्दात ना पहिली वेलांटी, ना जोडाक्षर. त्यामुळे कितीही बिघडलेल्या मशिनवर सोलापूर बऱ्यापैकी बरोबर उमटायचं आणि शेजारचं अक्कलकोट तेवढं मोडायचं.

यावर आपल्याकडचा पहिला उपाय होता तो घरची भांडी घेण्याचा. आयआयटी कानपूरमध्ये सुरू झालेलं जिस्टचं काम पुढे पुण्याच्या सी-डॅकमध्ये वाढलं (सी-डॅकची स्थापना १९८८ ची), १९९१ मध्ये इस्की हे भारतीय लिप्यांचं प्रमाण आलं, पुण्याच्याच मॉड्युलरचं श्रीलिपी डीटीपीवाल्यांच्या घराघरात पोचलं. पण फॉन्टची युक्ती साधारण अशी होती की इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी अक्षरांचे तुकडे बसवायचे. पडद्यावर सुंदर मराठी, फाईलीच्या पोटात मात्र इंग्रजी अक्षरं आणि चिन्हांची भेळ. फॉन्ट बदलला की मजकूर गेला. शोधता येत नाही, अकारविल्हे लावता येत नाही, दुसऱ्या कंपनीच्या फॉन्टमध्ये उघडत नाही. लग्नपत्रिका छापायला हे पुरेसं होतं. मला त्या लोकांना दोष द्यायचा नाही. विंडोज काहीच देत नव्हतं तेव्हा त्यांनी वर्तमानपत्रं काढून दाखवली, ही छोटी गोष्ट नव्हे.

युनिकोडमध्ये देवनागरी १९९१ पासूनच होती. नव्हता तो जुळारी. तो आला यूएसपी१०.डीएलएल या नावाने. यूएसपी म्हणजे युनिकोड स्क्रिप्ट प्रोसेसर, इंजिनाचं नाव युनिस्क्राईब. १९९९ मध्ये इंटरनेट एक्सप्लोरर ५ सोबत आणि मग फेब्रुवारी २००० मध्ये विंडोज २००० सोबत ही फाईल आली. काम एकच. अक्षरांची ओळ घ्यायची, लिपी ओळखायची, क्रम लावायचा, फॉन्टला विचारून जोडाक्षरं निवडायची आणि रंगवायला परत द्यायची. विंडोज २००० मध्ये भारतीय लिप्यांपैकी देवनागरी आणि तमिळ होत्या. त्यातली देवनागरी "मंगल" फॉन्टमध्ये. तेलुगूचा "गौतमी" आणि कन्नडचा "तुंगा" यायला २००१ चं एक्सपी उजाडलं. म्हणजे सोलापुरात एका गल्लीला अक्षरं मिळाली आणि पलीकडच्या गल्लीला आणखी दीड-पावणेदोन वर्षं थांबावं लागलं.

आणि इथे तो सुप्रसिद्ध चौकोन येतो. एक्सपीमध्ये कंट्रोल पॅनेल, तिथे रीजनल अँड लँग्वेज ऑप्शन्स, तिथे लँग्वेजेस, आणि त्यात "कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट व उजवीकडून डावीकडे लिहिल्या जाणाऱ्या भाषांच्या फाईली बसवा" अशा अर्थाचा चौकोन. त्यावर टिचकी मारली की सोलापूरच्या चारही लिप्या एका फटक्यात चालू. वा! पण ओके म्हटलं की विंडोज विचारायचं, एक्सपीची सीडी घाला. आता सांगा, २००४-०५ साली सायबर कॅफेत किंवा असेंबल करून घेतलेल्या घरच्या मशिनबरोबर मूळ सीडी किती जणांकडे होती? मराठी विकिपीडिया १ मे २००३ ला सुरू झाला, मनोगत २००४ मध्ये. ही मंडळी युनिकोडमध्ये लिहीत होती, आणि वाचणाऱ्यांचा पहिला प्रश्न असायचा, "मला चौकोन का दिसतात?"

त्यात आणखी एक गोंधळ. तेच मशिन, तेच पान. एक्सप्लोररमध्ये मराठी ठीक, फायरफॉक्समध्ये वेलांट्या घसरलेल्या. लोकांना वाटायचं साईटचा दोष. खरं कारण असं की यूएसपी१० एक्सपीमध्ये चौकोनाशिवायही पडून असायची. एक्सप्लोरर तिला थेट हाक मारायचा. फायरफॉक्स विंडोजच्या नेहमीच्या रंगवण्याच्या वाटेने जायचा. त्या वाटेवर एलपीके.डीएलएल नावाची दुसरी छोटी फाईल पहारेकरी होती. ती जागी झाली तरच मजकूर यूएसपी१० कडे जायचा, आणि ती जागी व्हायची त्या चौकोनाने. २००८ च्या फायरफॉक्स ३ ने मजकुराचं इंजिन बदललं आणि हा फरक मिटला.

मग आली नवी आवृत्ती कॉपी करण्याची साथ. ऑफिस एक्सपी आणि ऑफिस २००३ आपल्यासोबत यूएसपी१० ची स्वतःची, जास्त नवी प्रत आणायचे आणि आपल्याच फोल्डरमध्ये ठेवायचे. हे जाणूनबुजून होतं. डीएलएलच्या नरकातून सुटायला मायक्रोसॉफ्टने काढलेला हाच रस्ता होता. विंडोज २००० पासून सिस्टिमच्या फाईलवर कुणी दुसरी चढवली तर विंडोज गुपचूप मूळ प्रत परत आणून ठेवायचं, आणि ज्याला वेगळी आवृत्ती हवी त्याने ती आपल्या घरात ठेवावी असा सल्ला असायचा. एक्सपीने तर एकाच डीएलएलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय केली. तुमच्या सी ड्राईव्हवरचं ते अवाढव्य विनएसएक्सएस फोल्डर म्हणजे तेच. तर हुशार लोकांनी ऑफिसच्या फोल्डरमधली यूएसपी१० उचलून दुसऱ्या प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये टाकायला सुरुवात केली. प्रोग्रॅम डीएलएल शोधताना आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये बघतो, त्यामुळे हे चालायचं. ज्यांना अख्ख्या सिस्टिमची फाईल बदलायची होती ते सेफ मोडमध्ये जाऊन राखीव प्रतीसकट बदलायचे.

चालायचं, पण फुकट नव्हतं. सप्टेंबर २०१० मध्ये मायक्रोसॉफ्टने एमएस१०-०६३ हे सुरक्षा पत्रक काढलं. यूएसपी१० मध्ये असं भोक सापडलं होतं की खास बनवलेला मजकूर नुसता दाखवला तरी परकं कोड चालू शकेल. विंडोजची प्रत तर दुरुस्त केलीच, पण ऑफिस एक्सपी, २००३ आणि २००७ साठी वेगळे पॅच द्यावे लागले, कारण त्यांची भांडी वेगळी! आणि कुणी हाताने इकडेतिकडे टाकलेल्या प्रती? त्यांचा पत्ता मायक्रोसॉफ्टला माहीत असण्याचं कारणच नाही. त्या तशाच राहिल्या. मार्च २०१७ मध्ये युनिस्क्राईबसाठी पुन्हा एक पत्रक आलं, एमएस१७-०११. त्याच्या आधीचा नंबर, एमएस१७-०१०, दोन महिन्यांनी वॉनाक्रायमुळे जगभर गाजला, त्यामुळे हे कुणाच्या लक्षात राहिलं नाही.

प्रोग्रॅम आधी आपल्याच फोल्डरमध्ये बघतो ही सवय व्हायरसवाल्यांनीही हेरली. निटोल नावाचं मालवेअर प्रोग्रॅम असलेल्या फोल्डरमध्ये खोटी एलपीके.डीएलएल टाकून ठेवायचं. म्हणजे ज्या पहारेकऱ्याने आपल्याला मराठी दिली त्याचाच वेश. व्हिस्टापासून एलपीके आणि यूएसपी१० ही नावं विंडोजच्या "ओळखीच्या डीएलएल" यादीत गेली. मग या फाईली सिस्टिम फोल्डरमधूनच उचलल्या जायच्या, शेजारी कुणी काहीही ठेवो. कॉपीची युक्तीही तिथेच संपली. मला विचाराल तर बरं झालं. व्हिस्टामध्ये चौकोनही गेला, लिप्या पहिल्यापासून चालू आल्या.

आता नेहमीचा प्रश्न, आज निरोप आला तर काय करायचं? आजकाल बहुतेकदा नाव असतं व्हीसीरनटाईम१४० किंवा एमएसव्हीसीपी१४०. या मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रनटाईमच्या फाईली आहेत. त्या सुट्या कधीही उतरवू नका, मायक्रोसॉफ्टच्या साईटवरून तो पूर्ण संच बसवा. ३२ बिटचा प्रोग्रॅम असेल तर संचही ३२ बिटचा लागतो, विंडोज ६४ बिटचं असलं तरी. अर्धे लोक इथेच अडकतात. सिस्टिमच्या फाईलबद्दल शंका असेल तर अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून "एसएफसी /स्कॅननाऊ" चालवा. आणि "फाईल आहे, तरी चालत नाही" अशी केस असेल तर प्रोसेस एक्सप्लोररमध्ये तो प्रोग्रॅम निवडून खाली डीएलएलची यादी बघा. नाव, पूर्ण पत्ता, आवृत्ती, सगळं दिसतं. भांडण बहुतेक वेळा पत्त्याचं निघतं. फाईल भलत्याच फोल्डरमधून उचललेली असते.

हे फक्त विंडोजचं दुखणं आहे असं मात्र समजू नका. फेब्रुवारी २०१८ मध्ये तेलुगूतलं "ज्ञा" हे जोडाक्षर आयफोनवर आलं की समोरचं अ‍ॅप कोसळायचं, मग ते मेसेजेस असो की व्हॉट्सअ‍ॅप. सगळी अ‍ॅप्स मजकूर मांडायला अ‍ॅपलच्या एकाच सामायिक लायब्ररीकडे जातात, आणि चूक तिच्यात होती. पण औषधही तसंच. आयओएस ११.२.६ आलं आणि सगळी अ‍ॅप्स एका दिवसात बरी.

जाता जाता खास मराठीचा एक अवशेष. आपला "ऱ्य" हिंदीला लागत नाही. तो युनिकोडमध्ये दोन तऱ्हांनी लिहिता येतो. एकात नुक्त्याचा ऱ आणि हलन्त, दुसऱ्यात साधा र, हलन्त आणि एक न दिसणारं जोडचिन्ह. त्या काळी ज्याच्या टंकन-साधनाने जे दिलं ते त्याने लिहिलं. त्यामुळे जुन्या मराठी पानांवर "दुसर्‍या" आणि "दुसऱ्या" असे दोन शब्द नांदतात. डोळ्यांना तंतोतंत सारखे, पोटात वेगळे. नोटपॅडमध्ये एक शोधून बघा, दुसरा सापडत नाही.