नाव आणि ठिकाण

आपल्या ह्या जिल्ह्याचा जुना इतिहास चाळू लागले की प्रथम नावाचाच एक घोटाळा पुढे येतो. १९०५ पूर्वीच्या सरकारी कागदांत यवतमाळ नावाचा जिल्हाच नाही. आहे तो वणी जिल्हा. पण त्या वणी जिल्ह्याची मुख्य कचेरी मात्र यवतमाळातच होती. जिल्हा एका गावच्या नावाचा आणि हाकिमाचे बिऱ्हाड दुसऱ्या गावी! दूरच्या मुलखातून वणी जिल्ह्याच्या हाकिमास लिहिलेला कागद वणीस न जाता यवतमाळास पोहोचावयाचा, तर ही खूण मधल्या कोणाला तरी ठाऊक असणे भाग होते. नाव ही एक गोष्ट आणि ठिकाण ही दुसरी. ह्या दोहोंची गाठ घालून देणारा सहसा कोणाच्या दृष्टीस पडत नाही. आज आम्ही ज्याचा इतिहास सांगणार आहोत, तोही असाच पडद्याआडचा कामकरी आहे. मात्र तो माणूस नव्हे; ती संगणकात ठेवलेली एक लहानशी फाइल आहे.

टपालखात्याने ही अडचण कशी सोडविली हे आपण जाणतोच. एकाच नावाची अनेक गावे, निरनिराळ्या भाषा आणि न लागणारी अक्षरे ह्यांतून वाट काढण्यासाठी श्रीराम भिकाजी वेलणकर ह्या मराठी अधिकाऱ्याने पिनकोडाची योजना आखली. हे गृहस्थ संस्कृतचे कवीही होते. १५ ऑगस्ट १९७२ पासून ती योजना अमलात आली आणि आपले यवतमाळ ४४५००१ झाले. नाव माणसासाठी राहिले, आकडा टपालासाठी आला.

संगणकांच्या जगात गोष्ट उलटी घडली. तेथे आकडा आधी होता, नाव मागून आले. जाळ्यात जोडलेला प्रत्येक संगणक दुसऱ्याला आकड्यांनीच ओळखतो. जुन्या पद्धतीच्या पत्त्यात ० ते २५५ पर्यंतच्या चार संख्या असतात. माणसाच्या ध्यानात त्या राहणे कठीण, म्हणून नावे आली. अमेरिकेत १९६९ साली सुरू झालेल्या अर्पानेट ह्या जाळ्यातील नावांची एकच यादी होती. कॅलिफोर्नियातील स्टॅनफर्ड संशोधन संस्थेत एलिझाबेथ फाइनलर ह्या बाईंच्या हाताखालचा विभाग ती सांभाळी. नवे नाव घालावयाचे तर त्यांना कळवावयाचे, आणि सुधारलेली यादी प्रत्येकाने आपल्याकडे उतरून घ्यावयाची. थोड्या घरांच्या वाडीत पाटलाची एक वही पुरते, तसे हे पुरले. पण वाडीचे शहर झाले. वही फुगली, एकच नाव दोघे मागू लागले, आणि एकाकडची नक्कल ताजी तर दुसऱ्याकडची शिळी अशी गत झाली.

नोव्हेंबर १९८३ मध्ये पॉल मोकापेट्रिस ह्यांनी ह्यावर उपाय मांडला. १९८७ साली त्याला पक्के रूप आले. एक वही मोडून अधिकार वाटून द्यावा, हे त्याचे सार. आपण पत्ता लिहितो तो गाव, तालुका, जिल्हा, राज्य असा. शोधणारा मात्र राज्यापासून आरंभ करून उलटा गावाकडे येतो. संगणकाचे नावही असेच उजवीकडून वाचले जाते. सर्वांत वरचा नोंदणीदार फक्त देशाचा दप्तरदार कोण ते सांगतो, देशाचा दप्तरदार संस्थेचा दाखवितो, आणि शेवटचा आकडा संस्थेच्या दप्तरात मिळतो. सगळे कोणालाच ठाऊक नसते. पुढे कोणास विचारावे एवढे मात्र प्रत्येकास ठाऊक असते.

पण विचारावयाचे कोणी? प्रत्येक प्रोग्रॅमने ही विद्या वेगळी शिकण्यात अर्थ नव्हता. म्हणून ती एका सामाईक फाइलीत घातली. अशा फाइलींना लायब्ररी म्हणतात, आणि ते नाव योग्य आहे. वाचनालयातले एक पुस्तक साऱ्या गावाने वाचावे, तशी ही एक फाइल संगणकातले सारे प्रोग्रॅम वापरतात. ती स्वतः दारोदार हिंडत नाही. नेमून दिलेल्या मोठ्या संगणकाला विचारते आणि उत्तर आणून देते. बर्कली विद्यापीठाच्या चार विद्यार्थ्यांनी १९८४ च्या सुमारास युनिक्स संगणकांसाठी असे साहित्य रचले. जुनी यादीही अगदी गेली नाही. होस्ट्स नावाची छोटी फाइल आजही बहुतेक संगणकांत आहे, आणि बहुधा प्रथम तीच उघडली जाते.

सामाईक विहिरीचा जो लाभ, तोच तिचा धोका. फेब्रुवारी २०१६ मध्ये असे उघड झाले की, लिनक्स संगणकांच्या ह्या लायब्ररीत २००८ पासून एक दोष दडून होता. मुद्दाम रचलेले लांबलचक उत्तर आले तर ते राखून ठेवलेल्या जागेबाहेर सांडत असे, आणि त्यातून परक्याला संगणकात शिरता येण्याजोगे होते. फाइल एका जागी बदलली, प्रोग्रॅम पुन्हा सुरू केले, की बहुतेकांचे भागले. ज्यांनी तिची नक्कल आपल्या पोटातच घेतली होती ते प्रोग्रॅम मात्र नव्याने बांधावे लागले.

आता आपल्या घरचा प्रश्न. ही सारी व्यवस्था रोमन अक्षरांवर उभी राहिली. २००३ साली इतर लिप्यांतील नावे रोमन अक्षरांत गुंफण्याची रीत ठरली, आणि २७ ऑगस्ट २०१४ रोजी देवनागरीतील ‘.भारत’ सुरू झाले. त्यात मराठीलाही स्थान मिळाले. पण आत जाताना ‘भारत’ ह्या शब्दाला ‘एक्सएन’, दोन आडव्या रेघा आणि ‘एच२बीआरजे९सी’ असा वेष घ्यावा लागतो. तो वेष चढविणारी आणि उतरविणारी हीच प्रोग्रॅमांची व लायब्रऱ्यांची मंडळी. त्यांतल्या एकाला जरी देवनागरी उमगली नाही, तरी नाव दारातच अडते. आजही कित्येक फॉर्म असे नाव चुकीचे म्हणून परत करतात.

आम्हांस ह्यात निराशेचे कारण दिसत नाही. सरकारी दप्तरात वणी असतानाही कचेरीची वाट यवतमाळाकडेच जात होती, आणि अखेर दप्तराने नाव बदलले. नोंद वरून होते हे खरे. पण ती टिकते विचारणाऱ्यांच्या तोंडी. आपल्या दुकानाचे, शाळेचे, वाचनालयाचे नाव आपणच आपल्या अक्षरांत विचारले नाही, तर त्याचे उत्तर शिकण्याची तसदी त्या लहानशा फाइलीचे कर्ते तरी कशाला घेतील?