पुणे दर्शन : बसच्या रस्त्यावरचे शहर, काळाच्या क्रमातले शहर

१/
पुण्यात प्रथमच येणारा पाहुणा शहर पाहण्यासाठी बहुधा ‘पुणे दर्शन’ची बस धरतो. पीएमपीएमएलची ही बस सकाळी निघते, दिवसभर शहर फिरवते आणि संध्याकाळी प्रवाशांना परत आणून सोडते. लाल महाल, शनिवारवाडा, केळकर संग्रहालय, आगाखान पॅलेस, शिंदे छत्री, पर्वती, कात्रज ही अशा सहलीतील ओळखीची नावे. थांबे आणि त्यांचा क्रम वेळोवेळी बदलतो. पण एका दिवसात तीन शतकांहून अधिक काळ डोळ्यांखालून जातो, हे मात्र कायम.

२/
बसचा क्रम रस्ते, वाहतूक, गाडी उभी करण्याची जागा आणि संग्रहालयांच्या वेळा यांवरून ठरतो. इतिहासाचा क्रम निराळा असतो. १९४४ मधून बस १७९४ मध्ये शिरते, तेथून १७४९ मध्ये आणि जेवणानंतर एकदम १६६३ मध्ये. त्यात प्रत्येक ठिकाणी मार्गदर्शक एकाच सुरात सांगतो : हा लाल महाल, हा शनिवारवाडा, हा मस्तानी महाल. ऐकणाऱ्याला सगळेच सारखे जुने, सारखे अस्सल वाटू लागते.

३/
मार्गदर्शकाला दोष देण्याचे कारण नाही. हाती अर्धा तास, भोवती चाळीस माणसे आणि रस्त्यावर हॉर्न. राहिलेले काम पाहणाऱ्याचे आहे. प्रत्येक थांब्यावर एकच प्रश्न मनात धरावा : ही वास्तू आज येथे कशी उभी आहे? मूळ आहे, भग्न आहे, दुसरीकडून आणली आहे, की नव्याने बांधली आहे? या प्रश्नाने पुण्याचे थांबे पुन्हा लावून पाहिले, तर त्यांना जोडणारे धागेही दिसू लागतात.

४/
काळाच्या क्रमाने पहिला थांबा लाल महाल. सतराव्या शतकाच्या चौथ्या दशकात शहाजीराजांनी जिजाबाई आणि बाल शिवाजीराजे यांच्या निवासासाठी पुण्यात वाडा बांधवला. त्याआधी काही वर्षे आदिलशाही सरदार मुरार जगदेव याने पुणे उद्ध्वस्त केले होते. त्या उजाड कसब्यात पुन्हा वस्ती उभी राहिली, तिचे केंद्र हा वाडा. पुढे याच वाड्यात शायिस्ताखान तळ देऊन बसला आणि ५ एप्रिल १६६३ च्या रात्री महाराजांनी त्याच्यावर छापा घातला. खान बोटांवर निभावला आणि पुणे सोडून गेला.

५/
आता समोरची इमारत पाहावी. ती पुणे महानगरपालिकेने बांधलेली असून १९८८ मध्ये पूर्ण झाली. मूळ वाडा कधीच नामशेष झाला होता. म्हणजे सहलीतील सर्वांत जुनी कथा सर्वांत नव्या भिंतींत सांगितली जाते. यात फसवणूक नाही, स्मारक असेच असते. पण या भिंतींत शिवकालीन बांधकामाचा पुरावा शोधू नये. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील पुणेकरांना शिवकाल कसा आठवावासा वाटला, याचा मात्र हा चांगला पुरावा आहे.

६/
तेथून हाकेच्या अंतरावर शनिवारवाडा. थोरल्या बाजीरावांनी १० जानेवारी १७३० रोजी पाया घातला, २२ जानेवारी १७३२ रोजी वास्तुशांत झाली. दोन्ही दिवस शनिवार. खर्च १६,११० रुपये. दिल्ली दरवाजा, त्याच्या फळ्यांवरील अणकुचीदार खिळे, वरचा नगारखाना, भोवतालचा तट हे आजही पाहता येते. या सहलीत पेशवाईचा दगड हाताला लागतो तो येथे.

७/
दरवाजातून आत गेल्यावर मात्र प्रवासी गोंधळतात. महाल कुठे आहेत? आत उरली आहेत ती जोती, कारंज्यांचे हौद आणि हिरवळ. १७ नोव्हेंबर १८१७ रोजी येथे इंग्रजांचे निशाण चढले, तेव्हा वाडा उभा होता. तो गेला त्यानंतर दहा वर्षांनी. २७ फेब्रुवारी १८२८ रोजी लागलेल्या आगीत लाकडी महाल भस्मसात झाले. दगड राहिला, सागवान जळाले. आज दिसणारा शनिवारवाडा म्हणजे त्या आगीने मागे ठेवलेला भाग.

८/
येथे हमखास सांगितली जाणारी कथा नारायणरावांची. ३० ऑगस्ट १७७३ रोजी, ऐन गणेशोत्सवाच्या दिवसांत, कोवळ्या वयाच्या पेशव्याचा गारद्यांनी वाड्यातच खून केला. ‘काका, मला वाचवा’ ही हाक, ‘ध’ चा ‘मा’ आणि पौर्णिमेच्या रात्रीचे भूत हे सारे ऐकताना बसमधली मुले डोळे विस्फारतात. भुताची कथा लक्षात राहते. पण ती खुनाच्या रात्रीच संपते आणि इतिहास तेथून पुढे सुरू होतो.

९/
खुनानंतर पेशवेपद रघुनाथरावांकडे गेले. नाना फडणवीस, सखारामबापू बोकील आदी कारभाऱ्यांनी बारभाईंचे कारस्थान उभारले. १८ एप्रिल १७७४ रोजी पुरंदरावर नारायणरावांच्या पत्नी गंगाबाई यांना मुलगा झाला आणि त्या अर्भकालाच, सवाई माधवरावांना, पेशवेपद मिळाले. रघुनाथराव मुंबईकर इंग्रजांकडे गेले. १७७५ च्या सुरत तहातून पहिले इंग्रज-मराठा युद्ध पेटले. वाड्यातील एका खुनाने इंग्रजांना पुण्याच्या राजकारणात पाय टाकण्याची वाट करून दिली. अंगावर काटा यावा, तो या साखळीने.

१०/
या साखळीचे पुढचे टोक बसच्या दुसऱ्याच थांब्यावर आहे : वानवडीची शिंदे छत्री. ते युद्ध १७८२ मध्ये सालबाईच्या तहाने थांबले आणि तो तह घडवण्यात प्रमुख भूमिका होती महादजी शिंदे यांची. पानिपतावर जायबंदी झालेल्या या सरदाराने उत्तरेत मराठ्यांची सत्ता पुन्हा उभी केली. पुढे पुण्यात असतानाच १२ फेब्रुवारी १७९४ रोजी वानवडीला त्यांचे निधन झाले. छत्रीचा विस्तार शिंदे घराण्याने नंतर केला. शनिवारवाडा आणि शिंदे छत्री यांच्यामध्ये बसला काही मैलांची रहदारी लागते. इतिहासात त्यांच्यामध्ये एक खून, एक युद्ध आणि एक तह आहे.

११/
दुसरा असाच धागा नानासाहेब पेशव्यांचा. पर्वतीवरील देवालय त्यांनी १७४९ च्या सुमारास उभारले. १४ जानेवारी १७६१ च्या पानिपतानंतर खचलेले नानासाहेब त्याच वर्षी जून महिन्यात पर्वतीवरच वारले. ज्याने टेकडी सजवली, त्याचा शेवटही तिथेच झाला. शंभराहून थोड्या अधिक पायऱ्या आहेत. वयस्कर प्रवासी पायथ्याशीच थांबतात आणि तरुण मंडळी वरून शहराची छायाचित्रे काढून उतरतात.

१२/
या पायऱ्यांना विसाव्या शतकातील एक आठवणही आहे. १९२९ मध्ये अस्पृश्य मानल्या गेलेल्या समाजाला मंदिरप्रवेश मिळावा म्हणून येथे सत्याग्रह झाला. शिवराम जानबा कांबळे, पां. ना. राजभोज, एस. एम. जोशी यांच्यासारखे कार्यकर्ते त्यात होते. देवालयाचे वर्ष सांगताना या सत्याग्रहाचे वर्षही सांगितले, तर पायऱ्या कोणाला खुल्या होत्या आणि कोणाला नव्हत्या, हा प्रश्न आपोआप पुढे येतो. वास्तू कोणी बांधली, एवढ्यावर तिचा इतिहास संपत नाही.

१३/
नानासाहेबांचे आणखी एक काम बसच्या मार्गाजवळच आहे, पण ते दिसत नाही. कात्रजला प्रवासी उतरतात ते साप आणि वाघ पाहायला. तेथील तलावाकडे सहसा कोणी निरखून पाहत नाही. अठराव्या शतकाच्या मध्यास कात्रजला पाणी अडवून ते जमिनीखालील बांधीव नळांतून शनिवारवाड्यापर्यंत आणि पेठांतील हौदांपर्यंत आणले गेले. पाणी उताराने, आपल्या वजनाने वाहत असे. शहर वाढले ते या पाण्यावर. महाल जळाले तरी ही जलवाहिनी पुढे दीर्घकाळ पुणेकरांची तहान भागवत राहिली.

१४/
आता ‘दुसरीकडून आणलेल्या’ वास्तूकडे. राजा दिनकर केळकर संग्रहालयातील मस्तानी महाल मूळचा कोथरूडचा. बाजीरावांनी मस्तानीसाठी तेथे बांधवलेल्या वाड्याचे अवशेष संग्रहालयात आणून हे दालन रचले आहे. लाकूडकाम जुने, जागा नवी. शनिवारवाड्यात जागा मूळची आहे आणि महाल नाहीत. येथे महालाचे अवशेष आहेत आणि जागा मूळची नाही. एकाच दिवसात हे दोन्ही पाहायला मिळतात, ही या सहलीची मोठी देणगी.

१५/
संग्रहालयाचा उरलेला भाग घाईत पाहू नये. दिनकर गंगाधर केळकर यांनी अकाली गेलेल्या मुलाच्या, राजाच्या स्मरणार्थ वीस हजारांहून अधिक वस्तू जमवल्या आणि १९७५ मध्ये हा संग्रह महाराष्ट्र शासनाच्या स्वाधीन केला. अडकित्ते, दिवे, वज्री, वाद्ये, स्वयंपाकघरातील भांडी. पेशव्यांची नावे सर्वांना पाठ असतात; सुपारी कातरणारा, टाच घासणारी, दिव्यात तेल घालणारी माणसे बखरींत क्वचित भेटतात. ती येथे भेटतात.

१६/
आगाखान पॅलेस हा या सहलीतील वेगळा थांबा. वास्तू १८९२ ची. ‘छोडो भारत’ ठरावानंतर ९ ऑगस्ट १९४२ रोजी पकडलेल्या गांधीजींना येथे स्थानबद्ध केले गेले. सहाच दिवसांनी, १५ ऑगस्टला, महादेवभाई देसाई येथे वारले. फेब्रुवारी १९४३ मध्ये गांधीजींनी येथेच एकवीस दिवसांचे उपोषण केले. २२ फेब्रुवारी १९४४ रोजी कस्तुरबांचे निधन झाले. ६ मे १९४४ रोजी गांधीजी सुटले, तेव्हा मागे आवारात दोन समाध्या होत्या. १९६९ मध्ये ही वास्तू राष्ट्राला देण्यात आली. घटना, जागा आणि इमारत येथे एकत्र आहेत. म्हणून येथे आवाज आपोआप खाली येतो.

१७/
आता खिडकीबाहेर. शिवाजी रस्त्यावर दगडूशेठ गणपतीसमोर भिडे वाडा होता. १८४८ मध्ये जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी तेथे मुलींची शाळा सुरू केली. भारतीयांनी मुलींसाठी सुरू केलेल्या अगदी आरंभीच्या शाळांपैकी ती एक. तो वाडा वर्षानुवर्षे मोडकळीस आलेला होता आणि समोर दर्शनाची रांग लागत असे. तिकीट नव्हते, प्रवेशद्वार नव्हते, बस उभी करण्याजोगी जागा नव्हती. दीर्घ न्यायालयीन वादानंतर ताबा महापालिकेकडे आला आणि स्मारक उभारण्यासाठी डिसेंबर २०२३ मध्ये ती जीर्ण इमारत पाडण्यात आली.

१८/
आणखी एक अनुपस्थिती आहे, तिला तर एक पत्ताही नाही. १२ जुलै १९६१ रोजी पानशेतचे धरण फुटले आणि मुठेचे पाणी नदीकाठच्या पेठांत शिरले. मातीविटांचे कितीतरी वाडे त्या पुरात बसले. आज बस नदीकाठाने जाते तेव्हा दोन्ही बाजूंना सिमेंटच्या इमारती दिसतात आणि प्रवाशाला वाटते की जुने पुणे पेठांच्या आतल्या भागातच असावे. जुने पुणे येथेही होते. ते एका दिवसात गेले.

१९/
म्हणून पुणे दर्शनला जाताना एक कोरा कागद बरोबर न्यावा आणि प्रत्येक थांब्यापुढे दोन वर्षे लिहावीत : घटना घडली ते, आणि समोरची वास्तू आजच्या रूपात आली ते.

लाल महाल : १६६३, १९८८.
शनिवारवाडा : १७७३, १८२८.
आगाखान पॅलेस : १९४४, १८९२.

दोन वर्षांमधले अंतर मोजले की मार्गदर्शकाची ‘हा अमुक’ ही वाक्ये एकसारखी ऐकू येत नाहीत.

२०/
संध्याकाळी कागद भरला की ओळी वर्षांप्रमाणे पुन्हा लावाव्यात. मग सकाळचा शनिवारवाडा दुपारच्या छत्रीशी जोडला जाईल, पर्वती कात्रजच्या पाण्याशी. आणि जेथे बस थांबली नाही, त्या भिडे वाड्यासाठीही एक ओळ ठेवावी : १८४८, २०२३. तिकिटावर ते नाव नसेल. कागदावर ते प्रवाशाने स्वतःच्या हाताने लिहायचे आहे.