उद्ध्वस्त नगरांचे नकाशे : प्रलयोत्तर व्हिडिओ गेममधील खरी शहरे

अणुयुद्ध, महामारी, पर्यावरणाचा विध्वंस अथवा अशाच एखाद्या महाविनाशानंतरच्या जगात ज्यांचे कथानक घडते, अशा व्हिडिओ गेमना ‘प्रलयोत्तर’ म्हणता येईल. या प्रकारातील अनेक महत्त्वाच्या कृतींनी काल्पनिक नगरे रचण्याऐवजी वॉशिंग्टन, बॉस्टन, न्यूयॉर्क, सिएटल, मॉस्को, दुबई, टोकियो अशी नकाशावर सापडणारी शहरे निवडली आहेत. नाश जाणवण्यासाठी आधीचे रूप ठाऊक असावे लागते, हे त्यामागील मुख्य कारण. अनोळखी नगरातील पडका मनोरा हा केवळ देखावा ठरतो. रोजच्या वाटेवरील ग्रंथालयाचे छप्पर कोसळलेले दिसले, तर ती हानी वाटते. या शहरांपैकी अनेक ठिकाणी आज मराठी कुटुंबे स्थिरावली आहेत. त्यामुळे हा विषय केवळ तरुण खेळाडूंच्या करमणुकीपुरता राहत नाही. कोणाच्या शहराचा विनाश कोणी रंगवला आणि त्यात काय जपले, असा प्रश्न त्यातून उभा राहतो.

पूर्वपीठिका

या परंपरेचा आरंभ एका अनामिकतेपासून झाला. अटारी कंपनीच्या ‘मिसाइल कमांड’ (१९८०) या गेममध्ये आकाशातून कोसळणाऱ्या क्षेपणास्त्रांपासून सहा शहरांचे रक्षण करावयाचे असे. रचनाकार डेव्ह थ्युरर यांच्या मूळ कल्पनेत ही कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावरील खरी शहरे होती. पुढे नावे गाळण्यात आली आणि ती शहरे कोणाचीही होऊ शकतील अशी झाली. या गेममध्ये अंतिम विजय नाही. शहरे आज ना उद्या नष्ट होतातच आणि पडद्यावर ‘समाप्त’ अशा अर्थाची अक्षरे उमटतात. हा गेम घडवीत असताना अणुस्फोटाची भयस्वप्ने पडत असत, असे थ्युरर यांनी नंतर सांगितले आहे.

१९८८ मधील ‘वेस्टलँड’ या गेमने अणुयुद्धोत्तर अमेरिकेचा नैर्ऋत्य भाग आणि त्यातील लास व्हेगास दाखवले. त्याचाच वारसा सांगणाऱ्या ‘फॉलआउट’ (१९९७) मध्ये लॉस एंजेलिसचे अवशेष ‘बोनयार्ड’, म्हणजे हाडांचे मैदान, या नावाने आले. जपानमध्ये ‘शिन मेगामी तेनसेई’ (१९९२) या गेमच्या मध्यावर टोकियोवर क्षेपणास्त्रे कोसळतात आणि नायक तीस वर्षांनी उद्ध्वस्त राजधानीत परततो. मात्र त्या काळच्या चित्रणतंत्राला मर्यादा होत्या. शहर प्रामुख्याने नावाने आणि संवादांतून उभे राहत असे. रस्ते, पूल, स्थानके व पुतळे ओळखू येतील इतक्या तपशिलाने दाखवणे २००० नंतरच्या त्रिमित तंत्रामुळे शक्य झाले.

वॉशिंग्टन आणि बॉस्टन

‘फॉलआउट’ मालिकेच्या कल्पित कालपटात २३ ऑक्टोबर २०७७ रोजी अणुयुद्ध होते. ‘फॉलआउट ३’ (२००८) हा त्यानंतर दोनशे वर्षांनी, २२७७ मध्ये, वॉशिंग्टन शहर व परिसरात घडतो. निर्माती संस्था बेथेस्डा हिचे कार्यालय शेजारच्याच मेरीलँड राज्यातील रॉकव्हिल येथे आहे. म्हणजे निर्मात्यांनी आपल्या घराजवळचीच भूमी उद्ध्वस्त कल्पिली.

या गेममधील वास्तूंची योजना विचारपूर्वक केलेली दिसते. जेफरसन स्मारकात किरणोत्सारी पाणी शुद्ध करण्याचा प्रकल्प आहे. लिंकन स्मारकाचा ताबा गुलामांच्या व्यापाऱ्यांकडे आहे, तर पळून आलेले गुलाम त्या स्मारकात पुन्हा जाण्याची आस धरून आहेत. राष्ट्रीय अभिलेखागारात स्वातंत्र्याचा जाहीरनामा शोधण्याची कामगिरी मिळते. व्हाइट हाउसच्या जागी केवळ खड्डा उरला आहे. सत्तेचे निवासस्थान नाहीसे झाले तरी मूल्यांची स्मारके टिकून आहेत, आणि त्यांचा अर्थ काय, यावर उरलेली माणसे भांडत आहेत. गेमचा खरा विषय हाच आहे.

‘फॉलआउट ४’ (२०१५) ने हेच सूत्र बॉस्टनमध्ये पुढे नेले. बेसबॉलचे प्रसिद्ध मैदान फेनवे पार्क येथे ‘डायमंड सिटी’ नावाची वसाहत आहे आणि मैदानाची उंच हिरवी भिंत हेच तिचे तटबंदीचे वैभव ठरते. केंब्रिजमधील जगप्रसिद्ध तंत्रविद्यापीठ किंचित बदललेल्या नावाने येते आणि त्याच्या खाली कृत्रिम मानव घडवणारी गुप्त संस्था दडलेली आहे. १७९७ मध्ये जलावतरण झालेली आणि आजही चार्ल्सटाउनच्या गोदीत असलेली ‘कॉन्स्टिट्यूशन’ ही युद्धनौका येथे इमारतीवर अडकून पडली आहे, आणि यंत्रमानवांचे पथक तिला अग्निबाण लावून समुद्राकडे नेऊ पाहते.

सर्वांत अर्थपूर्ण योजना ‘फ्रीडम ट्रेल’ची आहे. बॉस्टनमधील सुमारे ४ किलोमीटरची ही लाल पट्टी सोळा ऐतिहासिक स्थळांना जोडते आणि शहरात येणारा बहुतेक प्रत्येक पाहुणा तिच्यावरून चालतो. गेममध्येही तीच पट्टी खेळाडूला ओल्ड नॉर्थ चर्चपर्यंत नेते. १७७५ मध्ये ब्रिटिश सैन्याच्या हालचालीची खूण म्हणून याच चर्चमध्ये दोन कंदील लावण्यात आले होते. गेममध्ये त्याच्या तळघरात कृत्रिम मानवांना दास्यातून सोडवणारी ‘रेलरोड’ ही संघटना लपून राहते. तिचे नाव एकोणिसाव्या शतकात गुलामांना पळून जाण्यास साह्य करणाऱ्या गुप्त जाळ्याची आठवण करून देते. नकाशावरील एका पट्टीतून अमेरिकेच्या इतिहासातील दोन मुक्तिसंग्राम जोडले जातात. काल्पनिक नगरात हे साधले नसते.

न्यूयॉर्क आणि सिएटल

‘द डिव्हिजन’ (२०१६) मध्ये नोटांवरून पसरणाऱ्या विषाणूमुळे कोसळलेले, हिमाच्छादित मॅनहॅटन आहे. नाताळच्या खरेदीच्या हंगामात साथ सुरू झाल्याने उजाड रस्त्यांवर रोषणाईचे अवशेष तसेच लटकत आहेत. खेळाडूचे मुख्य ठाणे जेम्स फार्ली टपाल कार्यालयात, तर मॅडिसन स्क्वेअर गार्डन या सभागृहात आपत्कालीन रुग्णालय आहे. हा गेम स्वीडनमधील माल्मो येथील मॅसिव्ह या संस्थेने घडवला. चार वर्षांनी, मार्च २०२० मध्ये, कोविडच्या साथीत त्या सभागृहापासून जवळच असलेल्या जेविट्स अधिवेशन केंद्राचे खरोखरच तात्पुरत्या रुग्णालयात रूपांतर झाले. न्यूयॉर्क परिसरातील ज्या मराठी कुटुंबांनी तो वसंत ऋतू खिडकीआड काढला, त्यांना या गेममधील ओसाड चौक आता निव्वळ कल्पित वाटणे कठीण आहे.

‘द लास्ट ऑफ अस’ (२०१३) मध्ये बुरशीजन्य साथीनंतरचा प्रवास बॉस्टन, पिट्सबर्ग व सॉल्ट लेक सिटी यांतून होतो. दुसऱ्या भागाचे (२०२०) प्रमुख स्थळ सिएटल आहे. येथे विध्वंसाचे साधन बाँब नसून काळ आहे. सखल भागांत पाणी शिरले आहे, रस्त्यांच्या भेगांतून वृक्ष वाढले आहेत, वेलींनी इमारती झाकल्या आहेत. नायिका हाती नकाशा घेऊन मध्यवर्ती भागात फिरते आणि पाहिलेल्या जागांवर खुणा करीत जाते. पर्यटकाचीच ही कृती उद्ध्वस्त शहरात केल्यामुळे विलक्षण उदास भासते.

मॉस्को : भूमीखालचे नगर

दिमित्री ग्लुखोव्स्की यांच्या कादंबरीवर आधारलेला ‘मेट्रो २०३३’ (२०१०) हा युक्रेनची राजधानी कीव्ह येथील फोर-ए गेम्स या संस्थेने घडवला. अणुयुद्धातून वाचलेले मॉस्कोवासी भुयारी रेल्वेच्या स्थानकांत राहतात, आणि प्रत्येक स्थानक म्हणजे एक छोटे राज्य होते. या कल्पनेला वास्तवाचा भक्कम पाया आहे. १९३५ मध्ये सुरू झालेल्या मॉस्को मेट्रोची स्थानके दुसऱ्या महायुद्धात नागरिकांसाठी बाँबहल्ल्यांपासूनचा आसरा होती. वर्तुळाकार मार्गावर व्यापाऱ्यांचा संघ, लाल रंगाच्या मार्गावर साम्यवादी राजवट, अशी विभागणी मेट्रोच्या खऱ्या नकाशावरच बेतलेली आहे. मेट्रोच्या जाळ्याची आकृती हीच येथे राजकीय भूगोल ठरते. युक्रेनवरील आक्रमणास विरोध केल्यामुळे ग्लुखोव्स्की यांना २०२३ मध्ये मॉस्कोच्या न्यायालयाने त्यांच्या अनुपस्थितीत आठ वर्षांच्या कारावासाची शिक्षा सुनावली.

प्रिप्यात : आधीच उजाड झालेले शहर

प्रिप्यातची गोष्ट इतर सर्व शहरांहून वेगळी आहे, कारण येथे कल्पनेआधी विनाश घडून गेला होता. चेर्नोबिल अणुवीज केंद्राच्या कर्मचाऱ्यांसाठी १९७० मध्ये वसवलेल्या या नगरात सुमारे ४९ हजार लोक राहत होते. २६ एप्रिल १९८६ रोजी अणुभट्टीचा स्फोट झाला आणि दुसऱ्या दिवशी बसगाड्यांतून नगर रिकामे करण्यात आले. काही दिवसांसाठीच जायचे आहे, असे रहिवाशांना सांगितले होते. परत कोणीच आले नाही. १ मे रोजी उघडणार असलेल्या उद्यानातील आकाशपाळणा आज जगभर या दुर्घटनेचे चिन्ह मानला जातो.

कीव्हमधील जीएससी गेम वर्ल्ड या संस्थेने ‘स्टॉकर : शॅडो ऑफ चेर्नोबिल’ (२००७) हा गेम रचताना निषिद्ध क्षेत्रात जाऊन छायाचित्रे घेतली आणि त्यांवरून इमारती उभारल्या. पोलिस्या हॉटेल, सांस्कृतिक भवन आणि आकाशपाळणा ओळखू येतील अशा रूपात त्यात आले. अंतरे आखडून घेतली असली, तरी त्या वास्तू खऱ्या आहेत. ऊन, पाऊस व हिमामुळे प्रत्यक्षातील इमारती हळूहळू कोसळत असताना, या गेममध्ये त्यांचे एक रूप जतन झाले आहे.

पुढील भाग पूर्ण होण्यापूर्वीच फेब्रुवारी २०२२ मध्ये रशियाने पूर्ण आक्रमण केले. चेर्नोबिलचे क्षेत्र पहिल्याच दिवशी रशियन सैन्याच्या ताब्यात गेले. संस्थेचे काही कर्मचारी प्राग येथे स्थलांतरित झाले, काही मागे राहिले, काही सैन्यात गेले. पूर्वीच्या एका ‘स्टॉकर’ गेमवर काम केलेले एक रचनाकार डिसेंबर २०२२ मध्ये बाख्मुतजवळ लढताना मरण पावले. अखेर नोव्हेंबर २०२४ मध्ये ‘स्टॉकर २’ प्रसिद्ध झाला, तेव्हा शीर्षकातील ‘चेर्नोबिल’ या रशियन उच्चाराच्या जागी ‘चोर्नोबिल’ हा युक्रेनियन उच्चार आला होता. एका अक्षराच्या या बदलात आपल्या भूमीचे नाव आपल्या भाषेत घेण्याचा आग्रह आहे.

दुबई, लंडन, मँचेस्टर : आक्षेप आणि अधिकार

परक्यांनी रंगवलेला विनाश नेहमीच स्वीकारला जातो असे नाही. बर्लिन येथील यागर संस्थेच्या ‘स्पेक ऑप्स : द लाइन’ (२०१२) मध्ये प्रचंड वाळूच्या वादळांनी गाडले गेलेले दुबई आहे. युद्धातील नैतिक अधःपतनाचे गंभीर चित्रण म्हणून समीक्षकांनी त्याची दखल घेतली. संयुक्त अरब अमिरातीत मात्र त्यावर बंदी आली.

इंग्लंडमध्ये वाद झाला तो सोनीच्या ‘रेझिस्टन्स : फॉल ऑफ मॅन’ (२००६) वरून. परग्रहवासीयांच्या आक्रमणाने उजाड झालेल्या ब्रिटनमध्ये मँचेस्टर कॅथेड्रलच्या आतील गोळीबार दाखवल्याबद्दल चर्च ऑफ इंग्लंडने २००७ मध्ये तीव्र आक्षेप घेतला आणि सोनीने दिलगिरी व्यक्त केली. पवित्र वास्तूचे चित्रण करण्यास संमती हवी काय, हा प्रश्न त्या निमित्ताने चर्चेत आला. वॉशिंग्टनमध्ये २००८ साली ‘फॉलआउट ३’ ची भग्न राजधानी दाखवणारी चित्रे मेट्रो सेंटर स्थानकात जाहिरात म्हणून झळकली, तेव्हा काही प्रवाशांनी तक्रार केली होती. गेममधील तोच देखावा रोजच्या फलाटावर आला, की त्याचे परिणाम बदलतात.

याउलट, ‘फॉलआउट : लंडन’ (जुलै २०२४) हा चाहत्यांच्या स्वयंसेवी गटाने ‘फॉलआउट ४’ च्या आधारे घडवून विनामूल्य दिलेला प्रकल्प आहे. मूळ मालिका अमेरिकेबाहेर जात नाही, म्हणून चाहत्यांनीच थेम्सकाठचे नगर तिच्यात आणले. आपल्या शहराचे भग्न रूप पाहण्याची ओढ असू शकते, हेही यातून दिसते.

भारताचा संबंध

येथे विचारात घेतलेल्या प्रमुख कृतींत एकही भारतीय शहर नाही. भारताचा उल्लेख येतो तो वेगळ्या कारणाने. ऑक्टोबर २००८ मध्ये मायक्रोसॉफ्टने ‘सांस्कृतिक संवेदनशीलते’चे कारण देऊन ‘फॉलआउट ३’ भारतात आणणार नसल्याचे जाहीर केले. नेमका आक्षेप कशावर, हे स्पष्ट केले गेले नाही. गेममधील दोन डोक्यांच्या गुरांना ‘ब्राह्मिन’ म्हटले आहे, त्याकडे अनेकांनी बोट दाखवले. अमेरिकेत ‘ब्राह्मन’ नावाचा गोवंश आहे आणि तो भारतातून नेलेल्या गीर, कृष्णा खोरे आदी जातींपासून तयार झाला आहे. परदेशी गेलेला वंश परक्या नावाने प्रलयोत्तर अमेरिकेत पोहोचला आणि तेथून मायदेशी परतताना अडला, असा हा विचित्र प्रवास आहे.

समारोप

‘मिसाइल कमांड’मधील निनावी शहरांपासून ‘चोर्नोबिल’च्या नेमक्या उच्चारापर्यंत चार दशकांहून अधिक काळ गेला. या काळात दोन प्रवृत्ती स्पष्ट झाल्या. वॉशिंग्टन, टोकियो अथवा प्रिप्यात यांचे निर्माते आपल्याच भूमीविषयी बोलत होते. मॅनहॅटन किंवा दुबई यांचे चित्र बाहेरच्यांनी काढले. दोन्ही प्रकारांत चांगल्या कृती आहेत, पण पहिल्यात शहर बहुधा पार्श्वभूमी न राहता विषय होते. काय टिकावे, हे ठरवताना निर्माते आपल्या नगरातील वंदनीय काय, लाजिरवाणे काय, याचाच निवाडा करीत असतात.

परदेशातील घराच्या दिवाणखान्यात मुले जेव्हा पडद्यावर त्यांचेच शहर ओस पडलेले पाहतात, तेव्हा ती कोणती इमारत आधी शोधतात, याकडे लक्ष द्यावे. शाळा, स्थानक की ग्रंथालय? त्या उत्तरावरून ते शहर त्यांचे कितपत झाले आहे, हे कळते. आणि मुंबई किंवा पुण्याचा असा नकाशा उद्या कोणी काढलाच, तर त्यात काय उभे राहावे, हा प्रश्न त्यांच्याआधी आपल्याला पडेल.