रशियन रस्त्यावरील वळण आणि त्याचा दंड

रशियाच्या वाहतूक कायद्यात चुकीच्या वळणासाठी एकच ठरावीक दंड नाही. इंडिकेटर न देता वळणे, चुकीच्या लेनमधून वळणे, मनाईच्या जागी यू-टर्न घेणे, फलक डावलून डावीकडे वळणे आणि वळता वळता समोरच्या वाहतुकीच्या बाजूत घुसणे, हे सगळे वेगवेगळे गुन्हे मानले जातात. पहिल्या गुन्ह्यात लेखी समज देऊनही चालकाला सोडता येते. शेवटच्यात त्याचे लायसन्स सहा महिन्यांपर्यंत जाऊ शकते. ही उतरंड तयार व्हायला फार काळ लागला, आणि तिचा सर्वांत महत्त्वाचा भाग तर 2007 ते 2010 या तीन-चार वर्षांत लिहिला गेला.

रशियात वाहने रस्त्याच्या उजव्या बाजूने चालतात. त्यामुळे भारतात उजवीकडे वळताना जी अडचण येते, ती तिथे डावीकडे वळताना येते: समोरून येणारी वाहने ओलांडावी लागतात. रशियन कायद्याचा बराचसा धाक डाव्या वळणाभोवती आणि यू-टर्नभोवती एकवटला आहे, तो याच कारणाने. उजवे वळण त्या मानाने निरुपद्रवी समजले जाते.

उजव्या बाजूने जाण्याची रीत मोटारीच्या खूप आधीची. पीटर द ग्रेटच्या काळात रशियात आलेला डेन्मार्कचा राजदूत युस्ट युल याने 1709 मध्येच लिहून ठेवले होते की समोरासमोर आलेल्या गाड्या आणि घसरगाड्या एकमेकींना उजवीकडून वाट देतात. सम्राज्ञी एलिझाबेथने 1752 मध्ये शहरांतील गाड्यांसाठी हीच रीत हुकमाने पक्की केली. त्याआधीचे हुकूम वळण्याबद्दल नव्हते, बेफाम हाकण्याबद्दल होते. इव्हान आणि पीटर या जोडराजांच्या नावाने 1683 मध्ये निघालेल्या हुकमात घसरगाडीत बसून लगाम हातात धरून, मोठे चाबूक घेऊन, रस्त्यातल्या माणसांना झोडपत जाणाऱ्यांना मनाई केली होती. अठराव्या शतकात अशा हाकणाऱ्यांना कठोर शिक्षेची तंबी पुन्हा पुन्हा द्यावी लागली. त्यावरून एवढे समजते की हुकूम निघत होते, पण पाळले जात नव्हते.

मोटारीबद्दलचा पहिला रशियन नियम 11 सप्टेंबर 1896 चा. दळणवळणमंत्री प्रिन्स खिल्कोव्ह यांनी तो काढला. स्वतःच्या बळावर चालणाऱ्या गाड्यांतून माल आणि माणसे कशी न्यावीत, हा त्याचा विषय. घोडागाडी जवळ आली की मोटारीचा वेग अगदी मंद करावा, म्हणजे घोडे बुजणार नाहीत, असे त्यात सांगितले होते. रस्त्यावर मोटार हीच पाहुणी होती आणि घोडा हा घरचा. कोणत्या बाजूला, कुठून, कसे वळावे हा प्रश्न तोवर उभाच राहिला नव्हता.

क्रांतीनंतर मॉस्को आणि परिसरातील मोटार वाहतुकीबद्दल 10 जून 1920 रोजी लोककमिसार परिषदेने हुकूम काढला, त्यावर लेनिनची सही आहे. हलक्या मोटारींना तासाला 25 व्हर्स्ट आणि मालमोटारींना 15 व्हर्स्ट अशी वेगमर्यादा त्यात घातली होती. एक व्हर्स्ट म्हणजे एक किलोमीटरहून थोडे जास्त, म्हणजे मोटारीला सुमारे 27 किलोमीटरची मुभा. वाहतूक जेमतेम होती, तेव्हा चौकात कोण आधी वळणार यावर वाद होण्याइतकी गर्दी नव्हती. ती 1930 च्या दशकात झाली. लेनिनग्राडमध्ये जानेवारी 1930 मध्ये पहिला सिग्नल लागला, मॉस्कोत त्याच वर्षाच्या डिसेंबरअखेर पेत्रोव्हका आणि कुझनेत्स्की मोस्त यांच्या कोपऱ्यावर. वाहतूक सांभाळणारी सरकारी यंत्रणा, म्हणजे लोकांच्या तोंडी आजही असलेली गाई, 3 जुलै 1936 रोजी स्थापन झाली.

मात्र बराच काळ सिग्नलपेक्षा चौकात उभा राहिलेला वाहतूक पोलीसच वळणे ठरवत होता, आणि सिग्नल बंद असला किंवा पोलीस स्वतः वाहतूक हाताळत असला की तो आजही तेच करतो. त्याने उजवा हात सरळ पुढे केला की त्याच्या छातीसमोरून येणाऱ्या वाहनांना फक्त उजवीकडे वळता येते. डाव्या अंगाने येणाऱ्या मोटारींना सगळ्या दिशा मोकळ्या, तिकडूनच येणाऱ्या ट्रामला मात्र फक्त डावीकडे. आणि उजव्या अंगाने किंवा पाठीमागून येणाऱ्यांनी जागेवरच थांबायचे. ड्रायव्हिंग शिकणारा हे चित्र घोकून पाठ करतो, कारण परीक्षेत ते हमखास येते. एका माणसाच्या हाताच्या स्थितीवरून चार बाजूंच्या वाहनांना कुठे वळता येईल हे वाचायला शिकवणारी ही पद्धत फार विचारपूर्वक आखलेली आहे.

चालकाने स्वतः द्यायचे इशारेही सुरुवातीला हातांनीच दिले जात. 1946 पासून बनू लागलेली पोबेदा ही विजेवर चालणारे वळणाचे दिवे असलेल्या पहिल्या सोव्हिएत मोटारींपैकी एक. हाताचे इशारे नियमांतून मात्र गेले नाहीत. दिवे नसतील किंवा बिघडले असतील तर डावीकडे वळताना डावा हात बाजूला सरळ पसरायचा, किंवा उजवा हात बाजूला काढून कोपरातून काटकोनात वर वाकवायचा; उजवीकडे वळताना याच्या उलट. नियमात एक वाक्य असे आहे की ते चालकांना वारंवार सांगावे लागते: इशारा दिला म्हणून आधी जाण्याचा हक्क मिळत नाही. इशारा म्हणजे केवळ सूचना. अडथळा येणार नाही याची खात्री करण्याची जबाबदारी वळणाऱ्याचीच राहते.

1961 पूर्वी सोव्हिएत संघात रस्त्याचे नियम सगळीकडे सारखे नव्हते. 1940 मध्ये नमुना नियमावली निघाली, पण तिच्या आधारे स्थानिक नियम केले जात. एका गावात चालणारे वळण दुसऱ्या गावात गुन्हा ठरू शकत होते. सोव्हिएत संघाने 1949 च्या रस्ते वाहतुकीवरील जिनिव्हा करारात सहभागी झाल्यावर 1961 पासून पूर्ण देशासाठी एक नियमावली लागू केली. 1968 च्या व्हिएन्ना करारानंतर 1973 मध्ये ती बदलली. वळण्याआधी इशारा देणे, रस्त्याच्या योग्य कडेला सरकणे, वळताना समोरून येणाऱ्याला वाट देणे, हा सांगाडा तिथे पक्का झाला.

सोव्हिएत काळात शिक्षेचे खास साधन होते इशाऱ्याचा तालोन. लायसन्ससोबत चालकाला हा एक कागद मिळे, आणि नियम मोडला की पोलीस त्यावर छिद्र पाडे. छिद्रे वाढली की लायसन्सवर गदा येई. रोख दंड थोडा असे, पण छिद्र टिकून राही, आणि धंद्याने ड्रायव्हर असलेल्याला छिद्राचीच खरी भीती वाटे. 1983 च्या मार्चमध्ये सर्वोच्च सोव्हिएतच्या अध्यक्षमंडळाने वाहतूक गुन्ह्यांच्या प्रशासकीय जबाबदारीवर स्वतंत्र हुकूम काढला, आणि रशियन प्रजासत्ताकाची प्रशासकीय गुन्ह्यांची संहिता 1985 पासून अमलात आली.

सोव्हिएत संघ संपल्यावर ऑक्टोबर 1993 मध्ये सरकारच्या ठराव क्रमांक 1090 ने नवी नियमावली मंजूर झाली. असंख्य दुरुस्त्यांसह तीच आजही चालू आहे. वळणाबद्दलचे बहुतेक नियम तिच्या आठव्या प्रकरणात आहेत आणि त्यातले काही बारकाईने पाहण्यासारखे आहेत. वळण्याआधी वाहन वेळेवर त्या बाजूच्या अगदी कडेच्या लेनमध्ये आणावे लागते. गोल चौकात शिरताना एवढी सूट. मॉस्को, सेंट पीटर्सबर्गसारख्या ट्रामच्या शहरांत याला एक खास पुरवणी लागते: आपल्याच दिशेचे रूळ डावीकडे आणि रस्त्याच्या पातळीत असतील, आणि फलक वेगळे काही सांगत नसतील, तर डावे वळण किंवा यू-टर्न त्या रुळांवरूनच घ्यावा लागतो. रुळांवर न चढता शेजारच्या लेनमधून डावीकडे वळणारा चालक कडेची जागा न घेतल्याचा गुन्हा करतो. आणि तोच चालक चुकून समोरून येणाऱ्या ट्रामच्या रुळांवर गेला, तर गुन्हा कितीतरी गंभीर होतो. दोन रुळांमधले अंतर थोडे, शिक्षेतले अंतर प्रचंड.

यू-टर्नला जिथे मनाई आहे अशा जागाही याच प्रकरणात दिल्या आहेत: पादचारी पट्टे, बोगदे, पूल आणि त्यांच्या खालची जागा, रेल्वे फाटक, बसथांबे, आणि जिथून एका तरी दिशेला 100 मीटरपेक्षा कमी अंतर दिसते अशी कोणतीही जागा. डावे वळण मना करणारा फलक यू-टर्न मना करत नाही, आणि यू-टर्नला मनाई करणारा फलक डाव्या वळणाला आड येत नाही. नवख्यांचा इथे गोंधळ उडतो, पण नियमात हा भेद स्पष्ट आहे.

दंडाची आजची चौकट प्रशासकीय गुन्ह्यांच्या संहितेच्या बाराव्या प्रकरणात आहे. संहिता डिसेंबर 2001 मध्ये मंजूर झाली आणि 1 जुलै 2002 पासून लागू झाली. सुरुवातीला दंड किमान वेतनाच्या पटीत मोजले जात, पण त्यासाठी धरलेला आधार होता अवघा 100 रूबलचा. 2007 मध्ये रक्कम थेट रूबलमध्ये लिहायला सुरुवात झाली. 12.14 या कलमात लहान गुन्हे येतात: इशारा न देणे, कडेची जागा न घेणे, मनाईच्या जागी यू-टर्न किंवा रिव्हर्स. या सगळ्यांना समज किंवा किमान दंड. 2008 पासून हा दंड 100 रूबल होता, 1 सप्टेंबर 2013 पासून 500. समज देण्याची मुभा दोन्ही वेळा कायम राहिली, आणि ते योग्यच होते. रिकाम्या गल्लीत इंडिकेटर विसरलेल्याला दंडच हवा असे नाही.

खरा पेच होता राँग साइडचा. डावीकडे वळताना किंवा यू-टर्न घेताना दुहेरी अखंड पांढरी रेषा ओलांडणारा क्षणभर समोरच्या बाजूत असतो. ओव्हरटेक करण्यासाठी तीच रेषा ओलांडणारा समोरून येणाऱ्यांच्या थेट अंगावर चाल करून जातो. दोघांना एकाच शिक्षेत बसवणे अन्यायाचे होते, आणि वाद व सौद्याला जागा ठेवणारेही. जुलै 2007 च्या दुरुस्तीने पहिला भेद केला: वळण, यू-टर्न किंवा अडथळा टाळण्यासाठी पलीकडे गेल्यास 1000 ते 1500 रूबल दंड, बाकी सगळ्या राँग साइडला चार ते सहा महिने लायसन्स निलंबन. जुलै 2010 च्या दुरुस्तीने हे आणखी नीट मांडले. फलक किंवा रस्त्यावरच्या रेषा डावलून घेतलेले डावे वळण व यू-टर्न 12.16 या कलमात गेले. अडथळा टाळणे राँग साइडच्या 12.15 या कलमातच, वेगळ्या भागात राहिले. एकेरी रस्त्यावर उलटे शिरण्यासाठी स्वतंत्र, जड शिक्षा आली. आणि समोरच्या ट्रामरुळांवर जाणे राँग साइडच्या बरोबरीचे ठरले. चालकाने कोणती कृती केली याइतकेच, त्या कृतीने तो कुठे येऊन पोहोचला यालाही कायद्याने महत्त्व दिले. या सगळ्या इतिहासातली ही सर्वांत शहाणपणाची दुरुस्ती होती.

तरीही एक तीक्ष्ण कोपरा उरला. चौकातून बाहेर पडताना वाहन समोरच्या वाहतुकीच्या बाजूला येता कामा नये, असा नियम आहे. डावीकडे वळताना कोपरा कापून आत घुसणारा चालक नेमके हेच करतो, आणि न्यायालये त्याला साधा वळणाचा गुन्हा न मानता राँग साइड मानतात. सप्टेंबर 2013 पासून या गुन्ह्याला 5000 रूबल दंडाचा पर्याय मिळाला. वर्षाच्या आत तोच गुन्हा पुन्हा झाला तर लायसन्स वर्षभरासाठी जाते. गाडी घाईने वळवण्याच्या सवयीची एवढी मोठी किंमत पाहून चालक गोंधळतात, पण समोरासमोरच्या टकरीत काय होते हे ठाऊक असलेल्याला ती जास्त वाटणार नाही.

महामार्गावर दुभाजकातल्या देखभालीच्या फटीतून यू-टर्न घेणे हा वेगळा गुन्हा आहे, त्याचा दंड 2025 पूर्वी 2500 रूबल होता. वळताना पादचाऱ्याला वाट न दिल्यास 2017 पासून 2025 पर्यंत 1500 ते 2500.

1 जुलै 2008 पासून कॅमेऱ्याने टिपलेल्या गुन्ह्याचा दंड वाहनमालकाच्या नावावर निघू लागला. अशा वेळी कलमात दिलेल्या मर्यादेतली सर्वांत कमी रक्कम आकारली जाते आणि लायसन्स काढून घेतले जात नाही. म्हणजे 2025 पूर्वी मनाईचे तेच डावे वळण पोलिसाने पकडले तर दंड 1500 रूबलपर्यंत होता, कॅमेऱ्याने टिपले तर 1000.

हे आकडे 1 जानेवारी 2025 रोजी बदलले. बरेच वाहतूक दंड दीडपट झाले: किमान दंड 500 वरून 750, मनाईच्या डाव्या वळणाचा 1500 ते 2250, राँग साइडचा 7500. दंड लवकर भरल्यास मिळणारी सवलत 2016 पासून 20 दिवसांत अर्धी होती. ती आता 30 दिवसांत 25 टक्के आहे. मुदतीत दंड न भरणाऱ्याला दुप्पट रक्कम, 15 दिवसांपर्यंत अटक किंवा 50 तासांपर्यंत सक्तीचे काम, यांपैकी काहीही होऊ शकते. लायसन्स निलंबित करण्याचा अधिकार फक्त न्यायाधीशाचा आहे. पोलीस तक्रार लिहितो, निर्णय देत नाही. निलंबनाची मुदत संपल्यावर लायसन्स परत हवे असेल, तर थकलेले दंड भरावे लागतात आणि वाहतूक नियमांची लेखी परीक्षा पुन्हा द्यावी लागते.