ऑक्सिजन चुंबकाकडे का ओढला जातो?

ऑक्सिजनचा रेणू फळ्यावर कसा काढायचा हे आपणा सर्वांना तोंडपाठ असते. दोन अणू लिहायचे, मध्ये दोन रेघा मारायच्या आणि भोवती ठिपके देऊन प्रत्येकाचे अष्टक पुरे करायचे. सगळे इलेक्ट्रॉन जोडीजोडीने बसतात, हिशेब जुळतो. आम्हीही असेच शिकलो. पण या सुबक चित्रात एक खोट आहे, आणि गंमत म्हणजे ती दाखवणारा प्रयोग चित्राच्या आधीच झालेला होता.

1891 साली लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये जेम्स ड्यूअर यांनी द्रवरूप ऑक्सिजन एका शक्तिशाली विद्युत्‌चुंबकाजवळ आणला. उणे 183 अंश सेल्सिअसला उकळणारा हा फिकट निळा द्रव उसळून चुंबकाच्या ध्रुवांना जाऊन चिकटला आणि वाफ होऊन जाईपर्यंत तेथेच राहिला. ऑक्सिजन वायू चुंबकाकडे ओढला जातो, हे त्याच संस्थेत मायकेल फॅरेडे यांनी सुमारे चाळीस वर्षे आधी दाखवले होते.

1916 साली अमेरिकेत गिल्बर्ट लुइस यांनी इलेक्ट्रॉनच्या जोडीची कल्पना मांडली. आपल्या रेघा आणि ठिपके त्यांचेच. जोडीतील दोन इलेक्ट्रॉनांचे चुंबकत्व एकमेकांना रद्द करते. मग सगळेच इलेक्ट्रॉन जोडीत असलेला पदार्थ चुंबकापासून किंचित दूरच सरकायला हवा. ऑक्सिजन तर उलट वागतो! लुइस यांनाही हे कोडे ठाऊक होते. 1924 मध्ये त्यांनी ऑक्सिजनच्या चुंबकत्वावर निबंध लिहिला.

उत्तर आले ते नव्या पुंजयामिकीतून. 1926 साली श्रोडिंगर यांचे समीकरण आले. त्यानंतर फ्रीड्रिश हुंड आणि रॉबर्ट मुलिकन यांनी असा विचार केला, की रेणूतील इलेक्ट्रॉन एकाच अणूचा न मानता सबंध रेणूचा मानावा. मुलिकन यांनी 1932 मध्ये यासाठी 'ऑर्बिटल' हा शब्द वापरला. ऑर्बिटल म्हणजे ग्रहाची कक्षा नव्हे. इलेक्ट्रॉन कोठे सापडण्याची शक्यता किती, हे ज्यावरून काढता येते ते गणिती फल म्हणजे ऑर्बिटल.

दोन अणूंची दोन ऑर्बिटले एकत्र आली की रेणूची दोन तयार होतात: एक कमी ऊर्जेचे, बंध घट्ट करणारे; दुसरे जास्त ऊर्जेचे, बंध सैल करणारे. 1929 मध्ये इंग्लंडमधील जॉन लेनार्ड-जोन्स यांनी या रीतीने ऑक्सिजनचे कोडे सोडवले. हिशेब आपणही करू. दोन्ही अणूंचे बाह्य कवचातील इलेक्ट्रॉन बारा. त्यांतले आठ बंधकारक ऑर्बिटलांत आणि चार बंधविरोधी ऑर्बिटलांत जातात. आठातून चार वजा करून निम्मे केले की दोन उरतात, म्हणजे दुहेरी बंध कायम! पण शेवटच्या दोन इलेक्ट्रॉनांसमोर सारख्याच ऊर्जेची दोन रिकामी ऑर्बिटले असतात. एस.टी.त दोन बाकडी मोकळी असली की अनोळखी माणसे वेगवेगळ्या बाकड्यांवर बसतात, तसे हे दोघे एकेकटे बसतात. त्यांचे चुंबकत्व रद्द होत नाही. ते एकाच दिशेने जुळते. ड्यूअर यांचा द्रव उसळला तो या दोघांमुळे.

ऑर्बिटलवाद्यांनी बाजी मारली आणि बाकीचे हरले, असे मात्र समजू नये. लायनस पॉलिंग दुसऱ्या मार्गाचे पुरस्कर्ते. त्यांनी 1931 मध्ये तीन इलेक्ट्रॉनांच्या बंधाची कल्पना वापरून हेच चुंबकत्व समजावले. पुढे दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्यांनी याच गुणधर्मावर हवेतील ऑक्सिजन मोजणारे उपकरण बनवले. मुलिकन यांना 1966 चे नोबेल पारितोषिक मिळाले.

मग फळ्यावरच्या रेघा पुसायच्या का? मुळीच नाही. बंध दुहेरी आहे हे त्या बरोबर सांगतात. फक्त चित्र काढून झाल्यावर ड्यूअर यांचा प्रयोग सांगावा आणि विचारावे, "आता हे कसे?" आकृती म्हणजे रेणू नव्हे, हे एकदा उमगले की पुढे ऑर्बिटले शिकताना विद्यार्थी 'हे कशासाठी?' असे विचारणार नाही. प्रश्न त्याच्याजवळ आधीच असेल.