धगीचा रंग : एका विस्मृत शब्दाची कहाणी

पुण्याच्या कसबा पेठेत तांबट आळी आहे. पेशवाईच्या काळात कोकणातून आलेल्या तांबट कारागिरांची ही वस्ती. काही वर्षांपूर्वी आम्ही नववीच्या मुलामुलींचा एक गट घेऊन तेथे गेलो होतो. मुलांनी मठारकाम पाहिले. हातोडीच्या एकेका घावाबरोबर भांड्यावर उमटत जाणारे चकचकीत ठसे पाहिले. ठोकून ठोकून तांबे कडक होते आणि मग ते भट्टीत तापवून पुन्हा मऊ करून घ्यावे लागते, हेही पाहिले. पत्रा पुरेसा तापला की नाही हे कारागीर तापमापीवर पाहत नाही, तो रंगावरून ओळखतो.

परतताना एका मुलीने विचारले, "सर, म्हणजे उष्णतेला रंग असतो का?"

आम्ही पाठ केलेले उत्तर दिले. उष्णता ही ऊर्जा आहे, रंग हा प्रकाशाचा गुण आहे, तेव्हा उष्णतेला रंग नसतो. मुलगी गप्प बसली. उत्तर ऐकायला बरोबर होते, पण ते घाईने दिलेले होते, हे आमच्या नंतर लक्षात आले. कारण याच प्रश्नाला "होय, असतो" असे उत्तर देणारा एक अख्खा ग्रंथ १८५० साली नेपल्स येथे प्रसिद्ध झाला होता. ग्रंथाचे नाव 'ला थर्मोक्रोज'. ग्रीक भाषेत 'थर्मॉस' म्हणजे उष्ण आणि 'क्रोमा' म्हणजे रंग. थर्मोक्रोज म्हणजे उष्णतेची रंगच्छटा. लेखकाचे नाव मॅसेडोनिओ मेलोनी.

हा शब्द आज पदार्थविज्ञानाच्या पाठ्यपुस्तकात सापडत नाही. जाडजूड इंग्रजी शब्दकोशांत तो कोठेतरी कोपऱ्यात 'थर्मोक्रोसी' या रूपात पडून असतो. तो का जन्मला आणि का विसरला गेला, हे पाहिले तर वर्गात उष्णता शिकवताना आपल्याला उपयोगी पडेल असे बरेच काही हाती लागते.

लांबून लागणारी उष्णता

आधी आपल्या भाषेकडे पाहू. तवा हाताला लागला तर 'चटका' बसतो. वैशाखातल्या दुपारी रस्त्यावर तापलेल्या वाऱ्याची 'झळ' येते. पण होळीपासून चार पावले दूर उभे असताना चेहऱ्याला जी लागते ती 'धग'. मध्ये कोणी तोंडासमोर सूप धरले की ती तत्क्षणी थांबते, सूप काढले की पुन्हा लागते. वहन, अभिसरण आणि प्रारण हे तीन शब्द मुलांना पाठ करावे लागतात. चटका, झळ आणि धग हे त्यांना घरातूनच ठाऊक असतात. मेलोनीचा विषय होता तो ही धग, म्हणजे प्रारित उष्णता.

१८०० साली विल्यम हर्शेल यांनी सूर्यप्रकाशाच्या वर्णपटात तापमापी ठेवून पाहिले. तांबड्या रंगाच्या पलीकडे, जेथे डोळ्यांना काहीच दिसत नव्हते, तेथे पारा सर्वांत जास्त चढला. आज आपण या किरणांना अवरक्त किरण म्हणतो. पण त्या वेळी मोठा वाद उभा राहिला. हे अदृश्य किरण म्हणजे प्रकाशच, की प्रकाशाबरोबर येणारी दुसरीच एखादी वस्तू?

वाद सुटत नव्हता, कारण मोजण्याचे साधन मंद होते. पाऱ्याची तापमापी तापेपर्यंत किरण थेट आले की आजूबाजूची हवा तापून आले, हे सांगता येत नसे. १८२१ साली झेबेक यांनी दाखवले की दोन भिन्न धातूंचे सांधे वेगवेगळ्या तापमानाला ठेवले तर मंडलातून वीज वाहते. त्याचा उपयोग करून नोबिली यांनी बिस्मथ व अँटिमनीच्या जोड्यांची रास बनवली. १८३१ च्या सुमारास मेलोनी आणि नोबिली यांनी तिला गॅल्व्हानोमीटर जोडून इतके तरल उपकरण तयार केले की काही मीटर दूर उभ्या असलेल्या माणसाच्या अंगाची ऊबसुद्धा सुई हलवी. पुढे १८४६ साली मेलोनींनी एक मीटर व्यासाच्या भिंगाने चांदण्यातली ऊब मोजली ती याच जातीच्या उपकरणाने.

सैंधव, काच आणि तुरटी

मेलोनींचा मुख्य प्रयोग आपल्या स्वयंपाकघरातला वाटावा असा आहे. धग देणारी चार साधने त्यांनी घेतली. पहिला तेलाचा दिवा, दुसरी तापून पांढरी झालेली प्लॅटिनमची तार, तिसरा सुमारे ३९० अंश सेल्सिअसला तापवलेला तांब्याचा पत्रा आणि चौथे उकळत्या पाण्याने भरलेले तांब्याचे भांडे, म्हणजे १०० अंश. पहिली दोन उजेड देतात, शेवटची दोन देत नाहीत. प्रत्येकासमोर निरनिराळ्या पदार्थांच्या सुमारे अडीच मिलिमीटर जाडीच्या चकत्या धरून पलीकडे किती धग पोहोचते ते त्यांनी मोजले. शंभरातले आकडे, वरच्याच क्रमाने, असे आले :

सैंधव : ९२, ९२, ९२, ९२
काच : ३९, २४, ६, ०
तुरटी : ९, २, ०, ०

हे तीन ओळींचे कोष्टक फळ्यावर लिहून मुलांना विचार करायला लावावे. तिन्ही पदार्थ डोळ्यांना पारदर्शक आहेत. तुरटीचा चांगला स्फटिक काचेइतकाच स्वच्छ दिसतो. पण धगीच्या दृष्टीने तुरटी म्हणजे जवळजवळ भिंत आहे. उलट काळी काच किंवा काळा अभ्रक डोळ्यांना अपारदर्शक, पण त्यांतून दिव्याची धग बऱ्यापैकी पार जाते. म्हणजे प्रकाश पार जाणे आणि धग पार जाणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. काचेसमोर दिवा ठेवला तर शंभरातील ३९ भाग पार होतात, उकळत्या पाण्याचे भांडे ठेवले तर एकही नाही. काच तीच आहे. फरक धगीत आहे. दिव्याची धग आणि तांब्याच्या भांड्याची धग एकाच जातीची असती, तर दोन्हींचा सारखाच हिस्सा पार झाला असता.

मेलोनींनी येथे प्रकाशाचा दाखला घेतला. तांबडी काच तांबड्या दिव्याचा उजेड सोडते, हिरव्या दिव्याचा अडवते. साधी काच सगळ्या रंगांना सारखीच वाट देते, म्हणून तिला आपण रंगहीन म्हणतो. तसेच येथे आहे. सैंधव धगीच्या बाबतीत रंगहीन. काच आणि तुरटी 'रंगीत'. पडताळाही मिळाला. तुरटीच्या एका चकतीतून निघालेली धग तुरटीच्याच दुसऱ्या चकतीतून जवळजवळ पूर्ण पार होते, जसा तांबड्या काचेतून आलेला उजेड दुसऱ्या तांबड्या काचेतून सहज जातो. अडायची ती धग पहिल्याच चकतीत अडलेली असते. धगीचे असे अनेक प्रकार असणे आणि पदार्थांनी त्यांतले काही सोडून बाकीचे अडवणे, या गुणाला मेलोनींनी नाव दिले थर्मोक्रोज.

मत बदलण्याचे धैर्य

मेलोनींचे आयुष्य सरळ गेले नाही. ते पार्मा येथे प्राध्यापक होते. १८३० साली पॅरिसमध्ये उठाव झाला, तेव्हा त्यात भाग घेणाऱ्या विद्यार्थ्यांची त्यांनी वर्गात प्रशंसा केली. परिणामी पद गेले आणि देश सोडावा लागला. पॅरिसमध्ये त्यांच्या संशोधनाकडे सुरुवातीला फारसे कोणी लक्ष दिले नाही. फॅराडे यांनी त्याचे मोल ओळखले आणि १८३४ साली लंडनच्या रॉयल सोसायटीचे रम्फर्ड पदक त्यांना मिळाले. पुढे नेपल्समध्ये काम मिळाले, व्हेसुव्हियस ज्वालामुखीवरची वेधशाळा त्यांच्या देखरेखीखाली उभी राहिली. १८४८ च्या राजकीय उलथापालथीनंतर तेही पद गेले. १८५४ साली पटकीने त्यांचा अंत झाला.

शिक्षकांना विशेष सांगावीशी गोष्ट मात्र निराळी आहे. १८३५ च्या सुमारास मेलोनींचे मत असे होते की प्रकाश आणि प्रारित उष्णता या दोन भिन्न वस्तू आहेत. त्यांचेच आकडे वरवर पाहता तसे सांगत होते. प्रकाशाला सोडणारी तुरटी धग अडवते आणि प्रकाश अडवणारी काळी काच धग सोडते, मग दोन्ही एक कसे? परंतु धगीचे 'रंग' असतात हे एकदा मान्य केले की हाच पुरावा उलट बाजूने बोलू लागतो. तांबडी काच हिरवा उजेड अडवते म्हणून तांबडा आणि हिरवा प्रकाश भिन्न वस्तू ठरत नाहीत. मग दृश्य प्रकाश आणि अदृश्य धग तरी का ठराव्यात? १८४२ साली मेलोनींनी आपले जुने मत सोडले आणि सर्व किरण एकाच प्रकारचे आहेत, असे प्रतिपादन केले. आकडे तेच राहिले. ते वाचण्याची रीत बदलली.

शब्द का हरवला?

यानंतर शब्दाचे नशीब ठरल्यासारखेच होते. एडिंबरोच्या फोर्ब्ज यांनी धगीच्या किरणांचे ध्रुवीकरण आधीच दाखवले होते. १८४७ साली फिझो आणि फूको यांनी त्यांचे व्यतिकरणही दाखवले. १८६५ साली मॅक्सवेल यांचा विद्युतचुंबकीय सिद्धान्त आला. धग म्हणजे फक्त जास्त तरंगलांबीचा प्रकाश, हे निश्चित झाले. मग धगीच्या 'रंगा'ला वेगळे नाव कशाला? 'तरंगलांबी' हा एकच शब्द दोन्हीकडे पुरला. पुष्कळ शब्द त्यांच्यामागची कल्पना खोटी ठरल्याने मरतात. थर्मोक्रोज विस्मरणात गेला तो त्याची कल्पना पूर्ण खरी ठरल्यामुळे.

मात्र नाव गेले की कधीकधी अर्थांची गल्लत होते. आज 'उष्णता आणि रंग' म्हटले की तीन वेगळ्या गोष्टी एकमेकींत मिसळतात. त्या सुट्या करून पाहू.

पहिली गोष्ट तांबट आळीतली. तापलेला पदार्थ स्वतः प्रकाश देऊ लागतो. सुमारे ५२५ अंश सेल्सिअसच्या आसपास घन पदार्थ अंधारात मंद तांबडे दिसू लागतात, हे १८४७ साली ड्रेपर यांनी मोजले. आणखी तापवल्यास नारिंगी, पिवळा, पांढरा असा क्रम लागतो. ही तप्तदीप्ती.

दुसरी गोष्ट, तापल्यामुळे पदार्थाचा स्वतःचा रंग बदलतो. झिंक ऑक्साइडची पांढरी पूड परीक्षानळीत तापवली की पिवळी होते, थंड झाली की पुन्हा पांढरी. याला थर्मोक्रोमिझम म्हणतात. शब्द थर्मोक्रोजचा सख्खा भाऊ वाटतो, पण अर्थाने दोघांत काही नाते नाही.

तिसरी गोष्ट मेलोनींची. येथे पदार्थ चमकत नाही, त्याचा रंगही बदलत नाही. डोळ्यांना न दिसणाऱ्या धगीतच अनेक प्रकार असतात.

या तिन्हींना मराठीत सरसकट 'उष्णतेचा रंग' म्हटले तर विद्यार्थ्याच्या मनात गोंधळ माजणारच. परिभाषा घडवताना मूळ शब्दाचे तुकडे जोडून भागत नाही. शब्द कशाकडे बोट दाखवतो हे आधी ठरवावे लागते. आम्हाला विचाराल तर थर्मोक्रोजसाठी 'धगवर्ण' हा शब्द जवळचा वाटतो. वाचकांनी याहून चांगला सुचवावा.

रंगहीन, पण कोणाला?

मेलोनींची उपकरणे पुढे जॉन टिंडॉल यांच्या कामी आली. १८५९ पासून लंडनमध्ये त्यांनी निरनिराळे वायू नळीत भरून त्यांतून धग किती पार जाते हे मोजले. नळीची तोंडे बंद करायला काच चालली नसती, कारण तीच धग अडवते. त्यांनी सैंधवाच्या चकत्या बसवल्या. ऑक्सिजन आणि नायट्रोजन यांतून धग जवळजवळ बिनअडथळा गेली. पाण्याची वाफ आणि कार्बन डायऑक्साइड यांनी मात्र ती लक्षणीय प्रमाणात अडवली.

आता आपल्या पाठ्यपुस्तकातले वाक्य आठवा. 'कार्बन डायऑक्साइड हा रंगहीन, गंधहीन वायू आहे.' वाक्य चुकीचे नाही, पण ते माणसाच्या डोळ्यांपुरते खरे आहे. तापलेल्या जमिनीतून रात्रंदिवस आकाशाकडे जाणाऱ्या धगीच्या दृष्टीने हा वायू रंगीत काचेसारखा आहे. सूर्याचा प्रकाश तो आत येऊ देतो, जमिनीच्या धगीचा काही भाग अडवतो. पृथ्वीच्या तापमानवाढीचे सगळे प्रकरण या एका वाक्यात आहे. मुलांना ते अवघड वाटते, कारण जो वायू दिसत नाही तो काही अडवतो यावर विश्वास बसत नाही. थर्मोक्रोजची कल्पना त्यांना आधी दिली तर बसेल.

शिवाजीनगरला हवामान खात्याची जुनी वास्तू आहे. खात्याचे मुख्यालय १९२८ साली सिमल्याहून पुण्यास आले, म्हणून पुणेकर तिला सिमला ऑफिस म्हणतात. हवामानाच्या बातम्यांत आपण जी उपग्रहचित्रे पाहतो, त्यांतील पुष्कळशी धगीच्या किरणांनी घेतलेली असतात. सुमारे ११ मायक्रोमीटर तरंगलांबीला निरभ्र हवा बरीचशी पारदर्शक असते, त्यामुळे ढग आणि जमीन दिसतात. सुमारे ७ मायक्रोमीटरला पाहिले तर जमीन दिसेनाशी होते आणि वरच्या हवेतील पाण्याची वाफ दिसू लागते. हवा तीच, फक्त धगीचा 'रंग' बदललेला. मेलोनींचा शब्द हरवला, त्यांची गोष्ट रोज वापरात आहे.

वर्गात करून पाहा

इस्त्री तापवून उभी ठेवावी. तिच्यापासून वीतभर अंतरावर तळहात धरावा, धग जाणवेल. मध्ये खिडकीच्या काचेचा तुकडा धरावा (कडांना चिकटपट्टी लावून), धग लगेच थांबेल. मग तीच काच घेऊन उन्हात जावे आणि ती तळहात व सूर्य यांच्यामध्ये धरावी. ऊन तळहाताला लागतच राहील. काच एक आणि निकाल दोन, असे का? मुलांना पाच मिनिटे भांडू द्यावे. (काच फार वेळ इस्त्रीसमोर धरली तर ती स्वतः तापून धग देऊ लागते. हे मुलांनी शोधून काढले तर अधिक चांगले.)

त्या मुलीला आम्ही आज वेगळे उत्तर देऊ. बाई गं, पत्र्याचा जो रंग तू पाहिलास तो प्रकाशाचाच. पण पत्रा लाल होण्याच्या कितीतरी आधी तुझ्या गालाला जी धग लागत होती, तिलाही रंग होते. ते पाहणारे डोळे तुला-मला नाहीत, एवढेच.