हसू नेमकं कोणावर?

माळेगावच्या जत्रेत तंबूतल्या टॉकीजला मी 'पांडू हवालदार' पाहिला, मामासोबत. मामाचं सायकल पंक्चरचं दुकान. पडद्यावर दादा कोंडके गडबडले की मामा मांडीवर थाप मारून हसायचा. साहेबापुढं धांदल उडणारा तो माणूस मामाच्या ओळखीचा होता.

हा धांदरट कामकरी माणूस सिनेमात आला तो तमाशाच्या वगातून. 'गाढवाचं लग्न'मधला सावळ्या कुंभार दादू इंदुरीकरांनी गाजवला. सावळ्या येडाबागडा, पण गाढवासाठी थेट राजाची पोरगी मागायला जातो! दादा कोंडके स्वतः मुंबईच्या नायगावातले, अपना बाजारात नोकरी केलेले. वसंत सबनीसांच्या 'विच्छा माझी पुरी करा'नं त्यांचं नाव झालं. १९७१ ला 'सोंगाड्या' काढला, तर दादरच्या कोहिनूरमध्ये तो लागेना. बाळासाहेब ठाकरेंना मधे पडावं लागलं. पैसा कमी, सजावट कमी; ढगळी चड्डी अन् लोंबती नाडी एवढंच भांडवल. तरी नऊ सिनेमांनी रौप्यमहोत्सव केला, गिनीज बुकात नोंद झाली. शहाणे नाकं मुरडत राहिले, तंबू मात्र भरत राहिले.

मग आपल्या मराठवाड्याचे मकरंद अनासपुरे आले. २००५ ला 'काय द्याचं बोला'मधला वकील, २००७ ला सिनेमातला सावळ्या कुंभार. आपली बोली मोठ्या पडद्यावर ऐकून नांदेड-लातूरला किती बरं वाटलं होतं!

पण पुढं काय झालं? नकला करणाऱ्यांनी सावळ्याची हिंमत सोडली अन् फक्त बोली उचलली. मालिकेत येडा दाखवायचा की त्याच्या तोंडी आपली भाषा. सावळ्या राजाची टोपी उडवायचा. आता आपलीच टोपी उडवायलेत.

माझा भाचा पुण्याला शिकायला गेला. दोन महिन्यांत 'काय करायलास' म्हणायचं सोडलं त्यानं. विचारलं तर म्हणे, "मामा, पोरं हसतात. कॉमेडी चाललीय म्हणतात."

लातूरचं 'करलालो' असो की नांदेडचं 'करायलो', याच बोलीत आपण बाजार करतो, भांडतो, मयतीला रडतो. ती विनोदापुरती नाही.

तुमच्या गावच्या टॉकीजची आठवण असेल तर खाली लिहा. अन् लिहिताना भाषा सुधारू नका, घरी बोलता तसंच लिहा.